औषधाची पेटी आणि नाक्यावरचा प्रश्न

माझे दादा अत्तार होते. मुरबाडचा बाजार, सरळगाव, धसई, टोकावडे आणि पौषातली म्हसाची जत्रा, अशी त्यांची फिरती असे. पेटीत हिरडा, बेहडा, सुंठ, पिंपळी, सुरमा, गुलकंद, अत्तराच्या कुप्या आणि कल्याणच्या घाऊक दुकानातून आणलेली आसवे-अरिष्टे. डॉक्टर लांब आणि दवाखाना त्याहून लांब, अशा काळात या पेटीची वाट पाहणारी माणसे गावोगाव होती.

मुंबई राज्यात दारूबंदी नवी होती तेव्हाची गोष्ट अब्बा सांगायचे. एका नाक्यावर दादांची पेटी खाली उतरवली गेली. यात काय आहे, असे विचारल्यावर दादा म्हणाले, "दवा आहे, साहेब." शिपायाने एका बाटलीचे बूच काढून वास घेतला. वास यायचा तोच आला. पेटी ठेवून घेतली गेली. पाच वेळचे नमाजी, आयुष्यात दारूला न शिवलेले दादा दोन दिवस त्या पेटीसाठी हेलपाटे घालत राहिले. शेवटी घाऊक दुकानदाराची पावती आणून दाखवली तेव्हा पेटी सुटली. त्यात तीन बाटल्या कमी होत्या. दादांनी त्याबद्दल कुणाला विचारले नाही. मात्र त्यानंतर मालाची पावती टोपीच्या आतल्या घडीत ठेवल्याशिवाय ते घराबाहेर पडले नाहीत.

घरात वेगळाच वाद होता. त्याच पेटीतले दशमूलारिष्ट दादी आपल्या सुनांना बाळंतपणात देऊ देत नसत. त्यांचे म्हणणे साधे होते, ज्यात नशा त्यात शिफा नाही. दादा म्हणत, ही नशा नव्हे, दवा आहे. म्हणजे नाक्यावर शिपायाला जे उत्तर त्यांनी दिले, तेच त्यांना रात्री घरी द्यावे लागे.

मी शाळेत उर्दू आणि मराठी शिकवतो. कायदा हा माझा विषय नाही. पण या एका बाटलीमागचा इतिहास शोधायला लागलो, तेव्हा तो आपल्या शहापूर-मुरबाडच्या जंगलापासून दिल्लीच्या सुप्रीम कोर्टापर्यंत गेलेला दिसला. त्यात आपल्या समाजातली दोन मोठी नावेही भेटली. तो इतिहास इथे मांडतो.

बाटलीत नेमके काय असते

आधी औषध समजून घेऊ. औषधी वनस्पतींचा काढा किंवा रस घ्यायचा, त्यात गूळ, साखर किंवा मध घालायचा, धायटीची फुले टाकायची आणि भांड्याचे तोंड बंद करून साधारण महिनाभर ठेवायचे. काढ्यापासून केले तर सर्वसाधारणपणे अरिष्ट, न उकळता केले तर आसव. आत गुळाचे आंबवण होते आणि थोडा मद्यार्क आपोआप तयार होतो. तो बाहेरून ओतलेला नसतो. सरकारी भाषेत त्याला स्वयंजनित मद्यार्क म्हणतात. त्यामुळे वनस्पतीतला गुण द्रवात उतरतो आणि औषध टिकते. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात ८४ आसवांची मोजदाद आहे, इतकी ही विद्या जुनी. धायटी तर आपल्याच डोंगरांतली. लाल फुलांची ही झुडपे सह्याद्रीच्या उतारांवर जागोजाग दिसतात.

युनानी औषधांत 'अरक' असतो. अरक-ए-गुलाब, अरक-ए-बादियान. बादियान म्हणजे बडीशेप. हे भबक्यातून काढलेले सुगंधी पाणी असते, त्यात मद्यार्क नसतो. अरबीत 'अरक' म्हणजे घाम. भबक्याच्या नळीतून थेंब थेंब गळते म्हणून हे नाव पडले. पण हाच शब्द प्रवास करत इंग्रजांच्या दप्तरात 'ॲरॅक' झाला आणि तिथे त्याचा अर्थ देशी दारू असा लागला. मराठीत आपण 'अर्क' म्हणतो तेव्हा कधी औषध म्हणतो, कधी दारूही म्हणतो. 'शरबत' आणि 'शराब' हे दोन शब्दही 'पिणे' या एकाच अरबी धातूतून आले. आणि 'अल्कोहोल' हा शब्द मुळात 'अल-कुह्ल', म्हणजे डोळ्यांत घालायचा सुरमा! दादांच्या पेटीत सुरमाही होता, अरकही होता आणि आसवही होते. ज्याला भाषा माहीत नाही त्याला ही तिन्ही सारखीच संशयास्पद वाटली असती.

फुलांवरचा कायदा

नाक्यावरचा संशय १९४९ मध्ये जन्माला आला नाही. आपल्या भागात तो त्याआधी सत्तर वर्षे वावरत होता.

१८७८ साली मुंबई अबकारी कायदा आला. त्याआधी ठाणे जिल्ह्यातला आदिवासी मोहाची फुले वेचून स्वतःपुरती दारू गाळत असे. वारली, कातकरी, ठाकूर, महादेव कोळी यांच्या घरी जन्म, लग्न, मरण आणि देवकार्य यांत ती लागे, आणि अंगदुखीवर, थंडीवर तीच औषध म्हणून वापरली जाई. मोहाचे फूल नुसते दारूसाठी नव्हते. ते वाळवून, शिजवून खाल्ले जाई. पावसाळ्यात धान्य संपल्यावर ते पोटाला आधार होते.

इंग्रज सरकारला अबकारीचे उत्पन्न हवे होते. चार्ल्स प्रिचर्ड या अधिकाऱ्याच्या पुढाकाराने नवी व्यवस्था उभी राहिली. घरोघरची भट्टी बंद, मोठ्या ठेकेदारांच्या हाती दारू आणि तिच्यावर सरकारचा कर. ठाणे-कुलाब्याकडे उरणच्या मोठ्या भट्ट्यांतला माल येऊ लागला. दारू तीच, मोहाचीच, पण आता ती विकत घ्यायची. जंगलात फुकट मिळणाऱ्या फुलापासून घरी गाळली तर गुन्हा.

तरीही लोक गाळत राहिले, कारण फूल दाराशी पडत होते. मग १८९२ साली मोहाच्या फुलांसाठीच वेगळा कायदा झाला. ठाणे आणि कुलाबा हे जिल्हे त्याच्या नजरेसमोर होते. फुले गोळा करणे, जवळ ठेवणे, विकणे, एका ठिकाणाहून दुसरीकडे नेणे यांवर बंधने आली. विचार करा, फुलात नशा नसते. ते आंबवले आणि गाळले तर पुढे नशा येते. पण कायद्याने त्या पुढच्या शक्यतेसाठी टोपलीतल्या फुलालाच आरोपी केले. भाकरीच्या जागी फुले खाणारी बाई आणि चोरून भट्टी लावणारा माणूस यांच्या डोक्यावरची टोपली सारखीच दिसते. शिपायाने तरी फरक कशावरून करावा? तो माणसाकडे बघून करू लागला. मोहाची टोपली कातकऱ्याच्या डोक्यावर असली की भट्टी, हे समीकरण तिथूनच पडले.

आमच्या अत्तार घराण्याची गोष्ट या गोष्टीपुढे लहान आहे हे मला मान्य आहे. पण दोन्हींतला सवाल एकच. वस्तूचा उपयोग डोळ्यांना दिसत नाही, वाहणारा माणूस दिसतो.

बलसारांचा खटला

स्वातंत्र्यानंतर बाळासाहेब खेर मुख्यमंत्री आणि मोरारजी देसाई गृहमंत्री असताना १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा झाला आणि १९५० च्या एप्रिलपासून राज्यभर पूर्ण दारूबंदी आली. या कायद्यातली दारूची व्याख्या फार रुंद होती. स्पिरिट, वाईन, बिअर, ताडी तर त्यात होतीच, शिवाय ज्या कोणत्या द्रवात मद्यार्क आहे तो प्रत्येक द्रव म्हणजे दारू. कलम १२ ने अशा द्रवाची आयात, निर्यात, वाहतूक, ताबा, खरेदी आणि विक्री, सगळेच बंद केले. या व्याख्येत खोकल्याचे औषध येते, टिंक्चर येते, कोलोन वॉटर येते आणि दशमूलारिष्टही येते. दादांची पेटी अडवणाऱ्या शिपायाने कायद्याचे पुस्तक उघडले असते तर त्याला स्वतःची बाजू बरोबरच वाटली असती.

मुंबईचे एक पारशी गृहस्थ, एफ. एन. बलसारा, हायकोर्टात गेले. त्यांनी व्हिस्की, ब्रँडी, वाईन, बिअर यांचा हक्क तर मागितलाच, पण सोबत औषधी वाईन, कोलोन, लॅव्हेंडर वॉटर आणि मद्यार्क असलेली औषधे बाळगण्याचा आणि वापरण्याचाही हक्क मागितला. १९५० च्या ऑगस्टमध्ये हायकोर्टाचा निकाल आला. खंडपीठात सरन्यायाधीश एम. सी. छागला आणि न्यायमूर्ती गजेंद्रगडकर होते. कोर्टाने कायद्यातली काही कलमे टिकवली, काही रद्द केली. त्यावर दोन्ही बाजू सुप्रीम कोर्टात गेल्या.

२५ मे १९५१ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निकाल दिला. तो लिहिला न्यायमूर्ती सय्यद फाजल अली यांनी. हे तेच फाजल अली, जे पुढे राज्य पुनर्रचना आयोगाचे अध्यक्ष झाले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यामुळे मराठी माणसाच्या मनात त्यांच्या आयोगाची आठवण कडू आहे. पण त्याआधीचे त्यांचे हे काम मराठी माणसाच्या घरातल्या औषधाच्या फडताळाशी जोडलेले आहे, हे फारच थोड्यांना ठाऊक असते.

निकालाचा गाभा असा. दारूबंदी करण्याचा राज्याला अधिकार आहे. दारूची व्याख्या रुंद ठेवण्याचाही अधिकार आहे, कारण पळवाटा बंद कराव्या लागतात. म्हणून पिण्याच्या दारूवरची बंदी टिकली. पण औषधे आणि प्रसाधने यांच्यापुरती बंदी मात्र अवाजवी ठरली. अशा वस्तू जवळ ठेवणे, विकणे, विकत घेणे आणि वापरणे यांवरची बंधने मालमत्तेच्या मूलभूत हक्काविरुद्ध जातात, म्हणून तेवढ्यापुरती ती कलमे रद्द झाली. राज्यघटनेचे ४७ वे कलम दारूबंदीचा आदर्श राज्यापुढे ठेवते, पण तेही औषधी उपयोग बाजूला काढूनच.

छागला खोजा घराण्यातले आणि फाजल अली बिहारचे सय्यद. दोघांच्याही धर्मात दारू हराम आहे. दोघांनी निकाल दिला तो राज्यघटनेच्या आधारावर, धर्माच्या आधारावर नव्हे, आणि तसाच तो द्यायला हवा होता. तरीही एक गोष्ट मनात येतेच. दारूबंदी हवी, पण औषधाला दारू म्हणू नका, हे वाक्य आमचे दादा रोज रात्री दादींना सांगत होते. सुप्रीम कोर्टाने ते इंग्रजीत आणि शंभर पटींनी लांब लिहिले, एवढाच फरक.

निकालानंतरची वाट

पण एका निकालाने प्रश्न सुटला नाही. सरकारची भीतीही पूर्ण खोटी नव्हती. दारूबंदीच्या काळात मुंबईत टिंक्चर पिणारे लोक होते. आल्याचे टिंक्चर औषधाच्या दुकानातून घेऊन नशेसाठी पिणे हा सर्वांना माहीत असलेला प्रकार होता. आसवाचे लेबल लावून भलतेच विकणारेही निघाले. नशेच्या चोरट्या धंद्यात माणसे कशी मरतात हे आपण पुढे विक्रोळीत २००४ मध्ये आणि मालवणीत २०१५ मध्ये पाहिले. मालवणीत तर शंभराहून जास्त जीव गेले. तेव्हा कुणीच काही तपासू नये असे म्हणणे शहाणपणाचे नाही.

म्हणून १९५२ च्या दुरुस्तीने कायद्यात २४-अ हे कलम घातले गेले. मद्यार्क असलेली औषधे, प्रसाधने, जंतुनाशके, खाद्यपदार्थांतले अर्क आणि सरबते जर मादक पेय म्हणून वापरण्यास अयोग्य असतील, तर त्यांना ही बंदी लागू नाही. कोणती वस्तू योग्य आणि कोणती अयोग्य यावर सल्ला देण्यासाठी तज्ज्ञांचे मंडळ नेमण्याची तरतूदही झाली. मद्यार्क आहे का, हा प्रश्न मागे पडून हे पिऊन नशा करता येईल का, हा प्रश्न पुढे आला. माझ्या मते या सगळ्या इतिहासातला हा सर्वात शहाणा शब्दबदल आहे.

मग प्रश्न आला सीमांचा. मुंबई राज्यात दारूबंदी आणि शेजारी काही ठिकाणी दुकाने उघडी. औषधाच्या नावाने आलेला माल आग्रा रोडने इंदूर-नाशिककडून कसारा घाट उतरला की शहापूर लागते. राज्याराज्यांमधल्या अशा व्यापारावर नियंत्रण ठेवण्यासाठी १९५५ साली संसदेने स्वतंत्र कायदा केला. मद्यार्कयुक्त औषधी आणि इतर पदार्थांच्या आंतरराज्य व्यापारावर सार्वजनिक हितासाठी निर्बंध घालणे हाच त्याचा हेतू. त्याच वर्षी औषधे आणि प्रसाधने यांवरच्या उत्पादन शुल्काचाही केंद्रीय कायदा झाला आणि १९५७ च्या एप्रिलपासून तो लागू झाला. कर केंद्राच्या कायद्याने बसायचा, वसूल राज्याने करायचा. त्यात आयुर्वेदिक औषधांचे सरळ वर्ग पाडले होते. ज्यात मद्यार्क आपोआप तयार होतो आणि जे दारूसारखे पिता येत नाही ते एकीकडे, आपोआप तयार झालेला मद्यार्क असूनही जे दारूसारखे पिता येईल ते दुसरीकडे, आणि ज्यात मद्यार्क बाहेरून घातला आहे ते तिसरीकडे. जीएसटी आल्यावर २०१७ मध्ये हा कायदा रद्द झाला.

दरम्यान आणखी एक खटला गाजला, बेहराम पेसिकाका यांचा. जीप चालवताना अपघात झाला, तोंडाला वास आला, दारूबंदीचा गुन्हा लागला. त्यांचे म्हणणे होते की आपण बी. जी. फॉस नावाचे टॉनिक घेतले होते, त्यात मद्यार्क असतो. १९५४ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटले की बलसारा निकालानंतर नुसता वास पुरेसा नाही. बंदी असलेली दारूच घेतली होती हे सरकारी पक्षाने सिद्ध करायला हवे. पण १९५९ मध्ये कायदा पुन्हा बदलला. रक्तात मद्यार्क ०.०५ टक्के किंवा त्याहून जास्त सापडला, तर तो औषधाचा होता हे दाखवण्याची जबाबदारी आरोपीवर आली.

पुरावा कुणी द्यायचा, हा प्रश्न असा या टोकाकडून त्या टोकाकडे जात राहिला. सरकारने संशय सिद्ध करायचा की माणसाने आपला निर्दोषपणा? घरातल्या फडताळात असलेल्या बाटलीला घर साक्षीला असते. आजारी माणूस असतो, बाळंतीण असते, वैद्याची चिठ्ठी असते. वाटेवरच्या बाटलीजवळ यातले काहीच नसते. म्हणून या विषयातला प्रत्येक कायदा शेवटी वाहतुकीपाशी येऊन थांबतो आणि त्याची किंमत फिरता माणूस मोजतो, मग तो अत्तार असो, वैदू असो किंवा बाजाराला निघालेला आदिवासी.

आजचा हिशेब

आज चित्र बरेच स्पष्ट आहे. कायद्याचे नाव २०१२ पासून महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम झाले आहे. आयुर्वेद आणि युनानी औषधे १९६४ च्या दुरुस्तीने औषध कायद्यात आली. त्यांचा कारखाना चालवायला परवाना लागतो. लेबलवर घटक, बॅच क्रमांक, उत्पादकाचे नाव-पत्ता आणि परवाना क्रमांक लागतो. आसव-अरिष्टांत स्वयंजनित मद्यार्क १२ टक्क्यांपेक्षा जास्त नसावा अशी मर्यादा आहे. ज्यांत तो जास्त असतो त्यांच्या बाटलीचा आकारच लहान ठेवला आहे. मृतसंजीवनी सुरा ३० मिलिलिटर, महाद्राक्षासव १२० मिलिलिटर, कर्पूरासव १५ मिलिलिटर. होमिओपॅथीतही १२ टक्क्यांवर मद्यार्क असलेले औषध किरकोळ विक्रीत ३० मिलिलिटरपेक्षा मोठ्या बाटलीत देता येत नाही. यामागचा हिशेब सोपा आहे. पंधरा मिलिलिटरच्या बाटल्यांनी नशा करायला बसणारा माणूस खिशाने आणि कंटाळ्याने दोन्हीकडून हरतो.

मोठा वाद मात्र अजून चालूच होता. राज्यघटनेत 'मादक मद्य' हा जो शब्द आहे, त्यात कारखान्यातला मद्यार्क येतो का, यावर २३ ऑक्टोबर २०२४ रोजी सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायमूर्तींनी आठ विरुद्ध एक असा निकाल दिला. तो येतो आणि त्यावर राज्यांचा अधिकार चालतो, असे बहुमताने ठरले. त्या चर्चेत १९५१ चा बलसारा निकाल पुन्हा उघडला गेला. फाजल अलींनी लिहिलेली पाने त्र्याहत्तर वर्षांनीही कामाला आली.

आणि मोह? २०२१ साली राज्य सरकारने मोहफुलांवरचे निर्बंध शिथिल केले. १८९२ पासून मोजले तर एका फुलाला संशयातून बाहेर यायला जवळपास १३० वर्षे लागली.

दादींचा प्रश्न

आता घरातल्या प्रश्नाकडे येतो, कारण हा लेख वाचणाऱ्या अनेकांच्या मनात तोच आधी आला असेल.

दादींचा आग्रह हवेतला नव्हता. दारूचा औषध म्हणून उपयोग करू का, असे विचारणाऱ्याला रसूलुल्लाह (स.) यांनी नकार दिला आणि ती दवा नसून रोगच आहे असे सांगितले, ही हदीस सहीह मुस्लिममध्ये आहे. कोकणी मुसलमान बहुतेक शाफई आहेत आणि शाफई मतात नशा आणणारी वस्तू थोडी असो वा जास्त, हरामच. पण त्याच शाफई फिकहमध्ये फुकहांनी फरकही केला आहे. शुद्ध दारू औषध म्हणून घेणे वेगळे आणि दुसऱ्या औषधात मिसळून विरून गेलेला अंश वेगळा. दुसरा पर्याय नसेल आणि जाणकार, भरवशाचा वैद्य सांगत असेल तर दुसऱ्या प्रकाराला वाट ठेवली आहे. हनफी मतात द्राक्ष आणि खजुराची दारू आणि इतर पदार्थांपासून झालेला मद्यार्क यांत भेद करणारी जुनी चर्चा आहे, आणि आजचे अनेक हनफी आलिम औषधांबाबत तिचा आधार घेतात. मी मुफ्ती नाही. ज्याला अडचण आहे त्याने आपल्या भरवशाच्या आलिमांना आणि डॉक्टरांना दोघांनाही विचारावे. आजकाल अनेक औषधांना मद्यार्काशिवायचा पर्याय असतो आणि तो मिळत असेल तर मन मोकळे राहते.

मला इथे दाखवायचे आहे ते वेगळे. आपल्या फुकहांनी शेकडो वर्षांपूर्वी विचारलेले प्रश्न पाहा. मिसळले किती? नशा येते का? पर्याय आहे का? सांगणारा जाणकार आहे का? घेणाऱ्याची नियत काय? आता २४-अ कलम, तज्ज्ञ मंडळ, १२ टक्के आणि ३० मिलिलिटर यांच्याकडे पाहा. प्रश्न तेच आहेत. जो समाज हे प्रश्न घरात इतक्या बारकाईने विचारतो, त्याच समाजातल्या म्हाताऱ्या अत्तारावर रस्त्यात दारूचा संशय यावा, याचे मला अजून वाईट वाटते.

आणि तितकेच वाईट मला आपल्याबद्दलही वाटते. वाडीवरचा कातकरी बाटली घेऊन एसटीत चढला की आपल्यापैकीच कितीजण नाक मुरडून सरकून बसतात! त्या बाटलीत मुलाच्या खोकल्याचे औषध आहे की आणखी काही, हे आपण कधी विचारले? नियतीवर अमल ठरतो, हे आपण मुलांना पहिल्या हदीसमध्ये शिकवतो. दुसऱ्याची नियत मात्र त्याच्या कपड्यांवरून ठरवतो. १८९२ च्या शिपायाने तेच केले, दादांच्या नाक्यावर तेच झाले, आणि एसटीत आपणही तेच करतो.

व्यवहाराच्या दोन गोष्टी सांगून थांबतो. घरच्या उपयोगासाठी आसव-अरिष्ट नेताना ते मूळ बाटलीत, मूळ लेबलसह ठेवा. सुटे करून पाण्याच्या बाटलीत भरू नका. दुकानदाराकडून बिल घ्या, दहा रुपयांची वस्तू असली तरी घ्या. जास्त माल विक्रीसाठी नेत असाल तर उत्पादकाचा परवाना क्रमांक आणि मालाचे कागद सोबत असू द्या. वाड्यांवर काम करणाऱ्या आपल्या शिक्षक आणि आरोग्यसेविका भगिनींनी हे तिथल्या लोकांनाही सांगावे, कारण अडवले जाण्याची पाळी आपल्यापेक्षा त्यांच्यावर जास्त येते.

दादी शेवटपर्यंत बधल्या नाहीत. दशमूलारिष्ट घरात आले नाही, त्याऐवजी त्या दशमुळांचा काढा रोज ताजा उकळून देत आणि तासभर चुलीपुढे बसत. दादांनीही कधी जबरदस्ती केली नाही. त्यांची टोपी अजून आमच्याकडे आहे. आतली घडी उलगडली तर कागदाचा पिवळा तुकडा निघतो, त्यावरची शाई पार उडून गेली आहे. काय लिहिले होते ते आता वाचता येत नाही, पण ती पावती आहे हे घरातले प्रत्येक मूल सांगू शकते.